चिखल, कौले आणि मौन

चित्रफीत सुरू होते आणि कुणीही आपले स्वागत करीत नाही. ‘नमस्कार मंडळी’ नाही, घंटेचे बटण दाबण्याची विनवणी नाही, वाजतगाजत अवतरणारे बोधचिन्ह नाही, पार्श्वसंगीताचा एक सूरही नाही. आहे ते ओलसर, दाट रान. त्या रानात अनवाणी, उघड्या अंगाचा, अर्ध्या चड्डीतला एक सडसडीत तरुण. आणि त्याच्या हातातला दगड झाडाच्या बुंध्यावर पडताना होणारा बोथट, किंचित पोकळ आवाज. लोखंडी कुऱ्हाडीखाली लाकडाची ढलपी उडते. दगडाखाली लाकूड आधी पिंजते, तंतू-तंतू होते आणि मग कुठे नाइलाजाने तुटते. हा फरक आपल्याला कुणी समजावून सांगत नाही. चार-सहा घाव ऐकल्यावर आपल्याच कानांना तो कळतो, आणि असे काही परस्पर कळल्याचा जो एक बारीकसा आनंद असतो, त्या आनंदाच्या बोटाला धरून आपण पुढे बघत राहतो.

या तरुणाचे नाव जॉन प्लांट. ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलँड प्रांताच्या अगदी उत्तरेकडचे, भरपूर पावसाचे रान ही त्याची कर्मभूमी. 2015 च्या मे महिन्यात त्याने यूट्यूबवर ‘प्रिमिटिव्ह टेक्नॉलॉजी’ नावाचे चॅनेल उघडले आणि पहिल्याच चित्रफितीत एक कुडाची झोपडी बांधून दाखवली. नियम एकच, पण कडक: आधुनिक अवजार नको, आधुनिक सामान नको. कुऱ्हाड हवी असेल तर दगड उचलून तो घडवायचा, पाणी आणायचे तर आधी माती तुडवून मडके करायचे, ते भाजायचे तर आधी लाकडावर लाकूड घासून विस्तव काढायचा. म्हणजे प्रत्येक वस्तूच्या मागे आणखी एक वस्तू, तिच्या मागे आणखी एक, आणि या साऱ्यांच्या मुळाशी दोन रिकामे हात. यूट्यूबवरची पहिली चित्रफीत 2005 सालची, प्राणिसंग्रहालयातल्या हत्तींसमोर उभे राहून एक मुलगा काहीबाही बोलतो अशी, एकोणीस सेकंदांची. त्यानंतरची दहा वर्षे या माध्यमात माणसे कॅमेऱ्याकडे तोंड करून बोलतच होती. प्लांट आला आणि त्याने तोंड कामाकडे केले.

त्या पहिल्या झोपडीपाशी आपण जरा थांबू. ती दोन मीटर लांब, दोन मीटर रुंद. बाजूच्या भिंती मीटरभर उंच, आढे दोन मीटरवर. आत एक माणूस आडवा होईल एवढी खाट, आणि कोपऱ्यात धुराड्यासह चूल. मेढी रोवल्या जातात, त्यांच्यावर आडवे वासे बसतात, वेलींनी ते आवळले जातात, मग उभ्या काठ्यांतून ओल्या, लवचिक काटक्या आतबाहेर गुंफत कूड उभा राहतो आणि त्यावर चिखलाचे गोळे हाताने थापले जातात. कोकणातल्या किंवा घाटमाथ्यावरच्या जुन्या घरांशी ज्यांची ओळख आहे, त्यांना हे दृश्य पाहताना परदेश आठवणारच नाही. मेढ, वासा, कूड, लिंपण हे सगळे शब्द आपल्या मनात आपोआप त्या त्या जागी जाऊन बसतात. चिखल थापणारा तळवा भिंतीवरून फिरतो तेव्हा बोटांच्या चार वळ्या तिथे उमटतात, पुढच्या फेरीत पुसल्या जातात, पुन्हा उमटतात. कॅमेरा इतका जवळ असतो की चिखलातली गवताची काडी दिसावी आणि इतका स्थिर असतो की त्या काडीकडे पाहायला आपल्याला सवड मिळावी.

पण या चित्रफितीतला सर्वांत गोड क्षण झोपडी पुरी झाल्यानंतरचा आहे. छप्पर आधी रुंद पानांनी शाकारलेले असते, देखणे दिसते, गोष्ट इथेच संपवायला कुणाचीच हरकत नसती. पण पाने किडे खातात, कुजतात. तेव्हा प्लांट ते सारे छप्पर उतरवून टाकतो आणि पापुद्र्यांसारखी सोलून निघणारी एका झाडाची साल आणून घर पुन्हा शाकारतो. दूरचित्रवाणीच्या संकलकाने हा भाग निःसंशय कापला असता, किंवा मग त्यावर ढोल बडवून ‘संकट’ उभे केले असते. इथे ना लपवाछपवी, ना आकांत. पाने टिकली नाहीत, साल टिकली, एवढेच. अपयशाला इतक्या सहजपणे, कपाळावर एक आठी न पाडता, कामाच्याच ओघात सामावून घेणे ही मला या कलेतली फार वरची गोष्ट वाटते.

आता आपण ज्या सवयी घेऊन इथे आलो आहोत त्यांच्याकडे पाहिले तर या मौनाची किंमत जास्त कळेल. 1948 साली फिल्म्स डिव्हिजन सुरू झाले, आणि पुढची कित्येक दशके चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी त्यांचे माहितीपट पाहणे आपल्याला चुकले नाही. त्यांत चित्र काहीही असो, वरून एक भारदस्त आवाज सतत वाहत असे. विणकर दिसला की आवाज सांगे, हा विणकर. दूरदर्शनवर ‘आमची माती, आमची माणसं’ पाहत मोठे झालेल्या पिढीला माती आठवते ती बहुधा मुलाखतीच्या निमित्ताने. पुढे खासगी वाहिन्या आल्या, आणि 2006 पासून डिस्कव्हरीवर बेअर ग्रिल्स रानावनात धावू लागला, तोही धापा टाकत, कॅमेऱ्यात बघून बोलत, प्रत्येक क्षण जिवावरचा असल्याचे बजावत. या सगळ्या परंपरेत एक गृहीत पक्के होते: प्रेक्षकाला एकटे सोडायचे नाही, त्याचा हात धरायचा, आणि मधून मधून खांदाही हलवायचा. प्लांटने तो हात सोडला. सोडल्यावर प्रेक्षक हरवला नाही. लक्षावधींच्या संख्येने तो थांबला, टक लावून बघू लागला. लोकप्रिय माध्यमांचा चेहरा एकेकट्या माणसांनी बदलला म्हणतात तेव्हा आपल्याला कॅमेऱ्यांची स्वस्ताई, मोबाइलचा प्रसार, फुकटासारखा डेटा असली कारणे आठवतात. ती खरीच आहेत. पण हा बदल रुचीच्या बाजूनेही पाहावा लागतो. निर्माता, प्रायोजक, वृत्तनिवेदक आणि संगीत-दिग्दर्शक यांनी भरलेल्या खोलीत ‘इथे काहीच बोलू नका’ असे म्हणायची कुणाची छाती झाली असती? एकट्या माणसाला ते जमले, कारण त्याला कुणाला विचारायचेच नव्हते.

आणि तरी हे मौन ओसाड नाही. पडद्याच्या खालच्या कडेला सबटायटल्सचे जे छोटे बटण असते, ते एकदा दाबून पाहावे. दाबताच तीच चित्रफीत दुसरी होते: हे लाकूड का निवडले, ही माती कुठली, राख कशासाठी, भट्टीला खालून तोंड का, हे सारे छोट्या, कोरड्या, नेमक्या वाक्यांत प्लांटने लिहून ठेवलेले आढळते. कित्येकांनी वर्षानुवर्षे या चित्रफिती पाहिल्या आणि त्यांना याचा पत्ताच नव्हता. मला ही रचना फार आवडते. आपल्या शास्त्रपरंपरेत सूत्र वेगळे आणि भाष्य वेगळे असते. सूत्र मोजक्या अक्षरांचे, आपल्याच जिज्ञासेवर सोपवलेले, आणि भाष्य ज्याला हवे त्याच्यासाठी शेजारी मांडलेले. इथेही तसेच आहे. ज्याला नुसते पाहायचे आहे त्याच्या पाहण्यात एक अक्षरही लुडबुडत नाही, आणि ज्याला शिकायचे आहे त्याला गुरू एका बोटाच्या अंतरावर आहे. छापील पुस्तकात तळटिपा असतात, पण त्या मिटवता येत नाहीत. नाटकात, चित्रपटगृहात तर अशी सोयच नव्हती. हे नव्या माध्यमाचे स्वतःचे, उसने न घेतलेले व्याकरण आहे, आणि ते इतक्या कमी गाजावाजाने वापरले गेले आहे की चटकन ध्यानातही येत नाही.

विस्तवाचे दृश्य घेऊ. कितीतरी चित्रफितींत ते पुन्हा पुन्हा येते, आणि मला तरी त्याचा कंटाळा येत नाही. मऊ लाकडाची एक आडवी पट्टी, तिच्या कडेला पाडलेली खाच, आणि त्या खाचेवर टेकवलेली उभी, सरळ, वाळकी काडी. काडी दोन तळव्यांत धरून घुसळायला सुरुवात होते. घुसळताना तळवे आपसूक खाली सरकत जातात, बुडाशी पोचतात, क्षणार्धात पुन्हा वर येतात. त्या वर येण्यात दम खायला वेळ नसतो, कारण तेवढ्यात ऊब निसटेल. प्रथम तपकिरी भुकटी जमते. मग ती काळसर होते. मग धुराची एक रेघ निघते, आणि इथे आपल्यातला अनुभवी प्रेक्षक मनात म्हणतो, थांबू नकोस, अजून नाही. तोही थांबत नाही. नंतर काडी बाजूला होते आणि कळते की आता धूर भुकटीतूनच येतो आहे, घर्षण थांबूनही येतो आहे; म्हणजे आत कुठेतरी इवलासा निखारा जन्मला आहे. तो सुक्या तंतूंच्या पुंजक्यात अलगद ओतला जातो, पुंजका ओंजळीत उचलला जातो, आणि फुंकर. फुंकरीचा आवाज, तंतूंची तडतड, आणि एकदम भडका. यज्ञात अरणीमंथनाने अग्नी काढताना भोवती मंत्रघोष असतो. इथे पाखरांचा आवाज आहे, एवढाच काय तो फरक. काडेपेटी खिशात घालून फिरणाऱ्या आपल्याला, अग्नी ही मुळात कष्टाने मिळवायची वस्तू आहे हे अर्ध्या मिनिटाच्या अवधीत तळहातांवर जाणवते.

माझ्या मते या चॅनेलवरचे महाकाव्य म्हणजे 2015 मधलेच कौलारू घर. ते मी पुष्कळांना दाखवले आहे आणि प्रत्येकाचे डोळे वेगवेगळ्या जागी अडकतात. कुणी सांगाडा उभा राहताना पाहतो, कुणी भट्टी; मी मात्र कौल पाडण्याच्या त्या जागेवरून हलत नाही. वेताची एक पट्टी वाकवून चौकट केलेली असते. खाली सपाट दगड, त्यावर चिमूटभर राख भुरभुरवलेली, म्हणजे माती चिकटायला नको. चौकटीत चिखलाचा गोळा दाबला जातो, वरून सपाट केला जातो, आणि एका टोकाला चिमटीने एक लहानसे नाक काढले जाते. ते नाक कशाला, याचे उत्तर तिथे मिळत नाही. कौल उचलून वाळत ठेवले जाते, चौकट पुन्हा राखेवर येते, पुन्हा गोळा, पुन्हा नाक. आपण उत्सुक. पुष्कळ पुढे, छपराचा सांगाडा तयार झाल्यावर, भाजून लाल झालेले पहिले कौल रिपेवर टेकते आणि त्या नाकाने रिपेला अडकून बसते. उत्कंठा निर्माण करून ती योग्य जागी फेडणे हे कथाकाराचे काम मानले जाते. इथे ते मातीच्या बोटभर नाकाने केले आहे.

आणि संख्या पाहा. त्या छपरावर साडेचारशे सपाट कौले आणि आढ्यावर पंधरा गोलसर कोने बसले. त्यासाठी भट्टी 26 वेळा पेटवावी लागली आणि प्रत्येक वेळी सरासरी चार तास सरपण घालत बसावे लागले. सारे काम 102 दिवस चालले. अवेळी पाऊस कोसळला नसता तर 66 दिवसांत आटोपले असते, असा प्लांटचाच हिशेब आहे. यातले आपल्याला दिसते किती? जेमतेम पाव तास. पण संकलनाचा चमत्कार असा की त्या पाव तासात घाई कुठेच नाही. एक कौल पूर्ण पाडून होईपर्यंत कॅमेरा हलत नाही. दुसरे थोडे लवकर. तिसऱ्याचे फक्त उचलणे. आणि मग एकदम उन्हात वाळणाऱ्या कौलांची रांग. एक कृती तिच्या पूर्ण लांबीनिशी एकदा दाखवली की बाकीच्या शेकडो आवृत्त्या प्रेक्षक आपल्याच मनात भरून काढतो. ख्यालगायक बंदिशीचा मुखडा एकदा सावकाश, नीट मांडून ठेवतो आणि पुढे नुसत्या सूचनेवर काम भागवतो. ऐकणारा उरलेले स्वतः गातो. या चित्रफितीतही उरलेली कौले आपणच पाडतो. संपल्यावर जो एक सुखद शीण येतो तो त्यामुळे.

याच घरात आणखी एक सूक्ष्म जागा आहे, तिच्याकडे बहुतेकांचे दुर्लक्ष होते. भिंतींच्या आधी छप्पर उभे राहते. मेढींवर सांगाडा, त्यावर कौले, आणि मग त्या छपराखाली बसून मातीच्या भिंती. प्रथम हे उफराटे वाटते. पण पावसाळी मुलखात ओल्या मातीची भिंत उघड्यावर घातली तर ती वाळायच्या आत वाहून जाईल. वर छत असले म्हणजे बाहेर धो धो कोसळत असतानाही भिंत चढत राहते. पाऊस पडतो आहे आणि माणूस आपल्याच छपराखाली बसून चिखल रचतो आहे, ही चौकट मला कित्येक निसर्गपटांतल्या भव्य दृश्यांपेक्षा देखणी वाटते. शिवाय जमिनीखालून उष्ण हवा खेळवून घर उबदार करण्याची कोरियातल्या ‘ओंडोल’सारखी योजनाही त्याने या घरात केली आहे, पण त्या चतुराईचे कौतुक ज्याचे त्याने करावे, मी पावसातल्या भिंतीपाशीच रमतो.

कॅमेऱ्याविषयी एक गोष्ट बोललीच पाहिजे. प्लांट एकटाच असतो, कॅमेराही तोच लावतो. हे एकदा मनात आले की साध्या साध्या चौकटी निराळ्या दिसू लागतात. डोक्यावर सरपणाची मोळी घेऊन तो आपल्याकडे पाठ करून पायवाटेने दूर जातो, दिसेनासा होतो. चौकट क्षणभर रिकामी राहते. आता विचार करा: कॅमेरा तर इथेच उभा आहे. म्हणजे मोळी कुठेतरी टाकून तो पुन्हा याच वाटेने परत आला असणार, कॅमेरा काढला असणार, पुढे जाऊन दुसरीकडे रोवला असणार, आणि मोळी उचलून पुन्हा चालू लागला असणार. आपल्याला दिसणाऱ्या प्रत्येक जाण्याच्या पोटात न दिसणारे एक येणे दडलेले आहे. घर बांधणाऱ्या माणसाने घराइतक्याच निगुतीने त्याचे चित्रणही बांधले आहे, आणि दोन्हींत गवंडी तोच. पूर्वी नट, लेखक, छायाचित्रकार, संकलक ही चार माणसे असत आणि त्यांच्यात मतभेद असत. त्या मतभेदांतूनही मोठी कला जन्मली, हे विसरू नये. पण एकाच डोक्यातून आणि एकाच जोडी हातांतून आलेल्या कृतीला जो एकसंध पोत असतो तो इथे पडद्यावर बोटाने चाचपावा इतका स्पष्ट आहे.

2016 मधली भात्याची चित्रफीत मला सर्वांत धीट वाटते. झाडाच्या सालीचा पंखा, मातीचे वेष्टन, दोरीच्या हिसक्यांनी उलटसुलट फिरणारी उभी काठी. त्या वाऱ्यावर कोळसा पांढरा होईपर्यंत तापतो. ओढ्याच्या काठाला जिवाणूंमुळे साचणारा नारिंगी गाळ आपणही पाहिलेला असतो आणि घाण म्हणून ओलांडलेला असतो. तो गाळ प्लांट ओंजळींनी गोळा करतो, त्यात कोळशाची पूड आणि राख कालवतो, त्याची वीट करून भट्टीत घालतो. तास जातात. भट्टी थंड झाल्यावर काचेसारखी काळी मळी बाहेर येते. ती दगडाने फोडल्यावर तळहातावर काय उरते? लोखंडाचे काही कण, मिलिमीटरभर आकाराचे. इतक्या मोठ्या खटाटोपाचा एवढाच प्रसाद! दुसऱ्या कुणी तिथे तलवार निघाल्याचा आव आणला असता. प्लांटने मात्र लिहून ठेवले की लोखंड मिळवण्यापेक्षा भट्टी किती तापते हे पाहण्याचा त्याचा हेतू होता. ते कण बोटाने हलवतानाची चौकट तो पुरेशी लांबवतो. आपण खाली वाकून पाहतो. आणि अशा कणांसाठी भट्टीशी झटलेल्या अनाम लोहारांच्या पिढ्यान् पिढ्या एकाएकी आपल्या जवळ येतात. पुढच्या काही वर्षांत त्याच प्रकारच्या लोखंडाचे एक चिमुकले पातेही त्याने घडवले, पण माझे मन त्या पहिल्या कणांवर आहे.

चॅनेलला एवढे यश मिळाल्यावर जे व्हायचे ते झाले. त्याच्या चित्रफिती उचलून दुसऱ्यांनी आपापल्या फेसबुक पानांवर चिकटवल्या. मग अनुकरणे आली. आग्नेय आशियातल्या कितीतरी चॅनेलांवर उघड्या अंगाची माणसे काठ्यांनी माती उकरून जमिनीत पोहण्याचे तलाव, घसरगुंड्या, दुमजली महाल काढू लागली, आणि त्यांतल्या काहींचे खणणे यंत्रांनी झाल्याचे पुढे उघडकीलाही आले. ही अनुकरणे मी नुसत्या रागाने नाकारणार नाही; रसिकाला त्यांतून एक गोष्ट शिकता येते. त्यांनी मौन घेतले, अनवाणी पाय घेतले, पाखरांचा आवाज घेतला, पण रस फळात आहे असे मानले. तलाव जेवढा निळा तेवढी चित्रफीत मोठी, हा त्यांचा हिशेब. प्लांटच्या कृतीत फळ जवळजवळ नेहमीच लहान असते: दोन मीटरची झोपडी, मिलिमीटरभर लोखंड. मोठी असते ती वाट. बाकी त्याच्याभोवती कुणी वनवासी ऋषीची प्रभावळ काढू नये; आपण आधुनिक घरात राहतो आणि आधुनिक अन्न खातो, रानात हे छंद म्हणून करतो, असे तोच सांगून मोकळा झाला आहे. चाहत्यांच्या थेट वर्गणीवर त्याचे काम चालते आणि 2019 साली त्याचे पुस्तकही निघाले. छापखान्याकडून पडद्याकडे जाण्याची जुनी वाट इथे उलटी चालली गेली, एवढी नोंद त्यात पुरेशी आहे.

हेच मौन दुसऱ्या रंगात पाहायचे असेल तर चीनच्या सिचुआन प्रांतातल्या ली झिचीकडे जावे. ती आजीसोबत खेड्यात राहते. पेरते, कापते, वाळवते, आंबवते, विणते, आणि फारसे बोलत नाही. पण तिच्या चौकटीत बासरीचे सूर आहेत, धुक्यातला डोंगर आहे, वस्त्रांचे रंग ऋतूंशी जुळवलेले आहेत. सोयाबीन पेरल्यापासून सॉसची बरणी भरेपर्यंतचा काळ ती काही मिनिटांत असा उलगडते की ऋतुसंहार वाचणाऱ्या मनाला तो प्रांत ओळखीचा वाटावा. 2021 च्या सुरुवातीला 1 कोटी 41 लाख सदस्यांसह चिनी भाषेतल्या यूट्यूब चॅनेलांचा विश्वविक्रम तिच्या नावावर लागला; त्याच वर्षी व्यवस्थापन पाहणाऱ्या कंपनीशी वाद होऊन तिचे चित्रण थांबले, आणि 2024 च्या नोव्हेंबरात ती आजीच्या कपाटावरचे पारंपरिक रोगणकाम घेऊन परतली. प्लांट शांतरसाचा, ली झिची सरळसरळ शृंगाराच्या, अलंकाराच्या बाजूची. तिथे कधी कधी प्रत्येक पान जागच्या जागी असल्याचा मला किंचित ताण येतो, हेही खरे. पण सौंदर्याचा हट्ट इतक्या सातत्याने धरणे काही सोपे नव्हे.

आणि मौनाचा एवढा गौरव केल्यावर आपल्याच नगर जिल्ह्यातल्या सारोळा कासारच्या सुमन धामणे आजींना विसरून कसे चालेल? 2020 साली नातवाने हातात कॅमेरा धरला आणि ‘आपली आजी’ हे चॅनेल सुरू झाले. तिथे गंमत आवाजातच आहे. सॉस, बेकिंग पावडर असले शब्द जिभेवर वळेनात, ते नातवाने शिकवले, ही हकिकत वर्तमानपत्रांतूनही आली. स्टुडिओतल्या स्वयंपाकघरात उभी राहणारी निवेदिका मापे चमच्यांनी सांगते. आजींच्या पिढीचा हात अंदाजाने पडतो आणि तरी चुकत नाही. टीव्हीवरच्या शुद्ध, इस्त्रीच्या मराठीने इतकी वर्षे ज्या बोलण्याला दारातच थांबवून ठेवले, ते बोलणे इथे चुलीपाशी पाट घेऊन बसले. प्लांटने बोलणे पूर्ण काढून टाकले, आजींनी ते घरातले होते तसे ठेवले; दोघांनीही मधला निवेदक मात्र हटवला.

आपण पाहायला बसणार असाल तर क्रम मी सुचवतो. आधी कुडाची झोपडी, मग लगेच कौलारू घर, दोन्ही सबटायटल्स बंद ठेवून, आणि मोबाइलवर नव्हे, शक्य असेल तर मोठ्या पडद्यावर आणि चांगल्या ध्वनीसह. दगडाचा घाव छोट्या स्पीकरवर फुकट जातो. भात्याची चित्रफीत सबटायटल्स लावूनच पाहावी, नाहीतर नारिंगी गाळाचे लोखंड कसे झाले याचा पत्ता लागणार नाही. चुन्याची चित्रफीत कोकणातल्या मंडळींनी अवश्य पाहावी; आपल्याकडे शिंपले भाजून चुना करीत, इथे गोगलगायींचे शंख भाजले आहेत, आणि पाणी पडताच ते कसे फुसफुसतात ते पाहण्यासारखे आहे. 2017 मधला पाण्यावर चालणारा हातोडा शेवटी ठेवा. पोकळ ओंडक्यात पाणी भरते, तो कलंडतो, रिकामा होतो आणि दुसरे टोक दाणकन खाली येते. ब्राझीलमध्ये अशा यंत्राला मोंजोलो म्हणतात. या चित्रफितीत काम चालू असते आणि प्लांटचे हात मोकळे असतात.